व्हेंटिलेटर लावला, म्हणजे नेमकं काय केलं?

आयसीयूतून बाहेर येऊन डॉक्टर ‘व्हेंटिलेटर लावावा लागेल’ म्हणाले, की बाकड्यावर बसलेल्यांपैकी कुणीतरी गावी फोन लावून ‘निघा’ म्हणून सांगतं. एकदा यंत्र लागलं की माणूस परत येत नाही, हा समज आपल्याकडे आधीपासून होताच; करोनाने तो आणखी घट्ट केला.

२०२५च्या जानेवारीत पुण्यात सिंहगड रस्ता, किरकटवाडी, नांदेड गाव या भागांत जीबीएसचे (गुइलेन बॅरे सिंड्रोम) रुग्ण वाढू लागले आणि संशयितांची संख्या पुढे दोनशेच्या वर गेली. या आजारात फुप्फुसं धडधाकट असतात, बिघडतात त्या नसा. पायांतून वर चढणारा लुळेपणा छातीच्या स्नायूंपर्यंत पोचला की श्वास ओढायची ताकदच राहत नाही. मग नसा सावरेपर्यंत, कधी कधी कित्येक आठवडे, यंत्र श्वास देतं. बहुतेक रुग्ण यातून बाहेर येतात.

आजचं आयसीयू उभं राहिलं तेही अशाच लुळेपणामुळे. १९५२मध्ये कोपनहेगनमध्ये पोलिओची भीषण साथ आली. तिथल्या ब्लेगडॅम रुग्णालयात भूलतज्ज्ञ ब्यर्न इब्सेन यांनी रुग्णांच्या गळ्याला छेद देऊन नळी बसवली आणि रबरी पिशवी हाताने दाबून श्वास द्यायला सुरुवात केली. पुरेशी यंत्रं नव्हती, म्हणून वैद्यकीय विद्यार्थी पाळ्या लावून रात्रंदिवस पिशव्या दाबत बसले. श्वास बंद पडलेल्यांतलं मृत्यूचं प्रमाण ८० टक्क्यांच्या वर होतं. काही महिन्यांत ते निम्म्याहून खाली आलं.

तेव्हा ‘व्हेंटिलेटर लागला का?’ यापेक्षा ‘कशामुळे लागला?’ हे विचारावं. जीबीएसचा तरुण रुग्ण आणि न्यूमोनियाचं विष रक्तात भिनून मूत्रपिंडंही बंद पडलेले ऐंशीचे आजोबा, दोघांना यंत्र एकच असतं. भवितव्य आजारावर ठरतं. यंत्र न्यूमोनिया बरा करत नाही. ते काम औषधांचं आणि शरीराचं.

‘ऑक्सिजन चालू आहे ना, मग हे कशाला?’ हाही नेहमीचा प्रश्न. ऑक्सिजनचा साधा मास्क लावला तरी श्वास ओढण्याची मेहनत रुग्णालाच करावी लागते. तो थकला की कार्बन डायऑक्साइड रक्तात साचतो आणि त्याला गुंगी येते. बोटाला लावलेल्या यंत्रावर सॅच्युरेशन मात्र ९५ दिसत असतं! शिवाय दरवेळी घशात नळी घालावी लागतेच असं नाही. हृदय कमजोर होऊन फुप्फुसांत पाणी भरलेल्या रुग्णाला बायपॅपचा घट्ट मास्क लावतात. त्यातल्या हवेच्या दाबाने फुप्फुसांच्या मिटलेल्या पिशव्या उघडतात, हृदयाकडे परतणारं रक्त थोडं कमी होतं आणि हृदयावरचा भार हलका होतो. पाणी काढणाऱ्या इंजेक्शनांच्या जोडीने काही तासांतच पुष्कळांचा दम उतरतो. ‘हृदयाचा पेशंट, मग श्वासाचं मशीन का?’ याचं उत्तर इथे आहे.

‘यंत्रानेच फुप्फुसं खराब केली’ या तक्रारीत मात्र थोडं तथ्य आहे. जोराने भरलेली हवा नाजूक फुप्फुसांना इजा करते. २०००मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या मोठ्या अभ्यासात प्रत्येक श्वासाची हवा किलोमागे १२ मिलिलिटरवरून ६ वर आणली, तर मृत्यूचं प्रमाण सुमारे ४० टक्क्यांवरून ३१ वर उतरलं. यातलं वजन काट्यावरचं नव्हे, उंचीवरून काढलेलं. माणूस जाड झाला म्हणून त्याची फुप्फुसं मोठी होत नाहीत. काम न मिळाल्याने श्वासपटलाचा स्नायूही लवकर झिजतो. म्हणून झोपेचं औषध कमी करून, यंत्राचा आधार काढता येतो का, हे रोज तपासतात. अशा वेळी रुग्ण खोकतो, अलार्म वाजतो आणि काचेबाहेरचे घाबरतात. तो बोलत नाही, कारण नळी स्वरयंत्रातून गेलेली असते. ऐकू मात्र येत असतं. पाटी-पेन द्या, पुष्कळ जण लिहून सांगतात.

आता सर्वांत हट्टी गैरसमज: मेलेल्याला व्हेंटिलेटरवर ठेवून बिल वाढवतात. ‘गब्बर इज बॅक’ या चित्रपटानंतर (२०१५) याला बळच आलं. बिलांबद्दलचा संशय प्रत्येक वेळी निराधार असतो असं मी म्हणणार नाही. हिशेब जरूर मागावा. पण हृदय थांबल्यावर व्हेंटिलेटर छाती फक्त वरखाली हलवू शकतो. रक्त फिरत नाही, अंग गार पडतं, काही तासांत ताठतं. हे दिवसच्या दिवस लपत नाही. गोंधळ होतो तो मेंदूमृत्यूमुळे. हृदयाचे ठोके हृदयातच उमटतात, म्हणून मेंदू पूर्ण मेल्यावरही ऑक्सिजन मिळत असेपर्यंत हृदय काही काळ चालतं. हात ऊबदार लागतो. अवयवदानासाठी १९९४च्या कायद्यानुसार चार डॉक्टरांचं पथक किमान सहा तासांच्या अंतराने दोनदा तपासून मेंदूमृत्यू प्रमाणित करतं.

‘एकदा लावला की काढणं बेकायदा’, हेही खरं नाही. बरं होण्याची आशाच नसेल, तर काय करायचं याचा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने ९ मार्च २०१८ रोजी घालून दिला आणि २०२३मध्ये सोपा केला. रुग्णालयात तीन डॉक्टरांची दोन मंडळं बसतात, आणि त्यांनी शक्यतो ४८ तासांत मत द्यावं अशी अपेक्षा आहे. शुद्धीत असताना माणसाला आपली इच्छा दोन साक्षीदारांसमोर लिहून नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्याकडून साक्षांकित करता येते. घरात हे लिहिलेलं असेल, तर त्याची प्रत दाखल करतानाच डॉक्टरांच्या हाती द्या.