तपासावर न्यायाची नजर

लाचखोरास शासन व्हावे, याविषयी दुमत नाही; परंतु तपास करणारानेच नियम मोडला तर? १९४७ च्या लाचलुचपत प्रतिबंधक कायद्याप्रमाणे उपअधीक्षकाहून खालच्या दर्जाच्या पोलीस अधिकाऱ्यास दंडाधिकाऱ्याच्या आज्ञेवाचून असा तपास करता येत नसे. लोकसेवकाची नाहक छळणूक टळावी, हा त्यामागील हेतू. १९५४ साली रिशबूड खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे बंधन अनिवार्य ठरविले. मात्र तेवढ्यानेच खटला रद्द होत नाही. त्या दोषामुळे आरोपीवर अन्याय झाल्याचे दिसले पाहिजे. उणीव प्रारंभीच निदर्शनास आली, तर न्यायालयाने आवश्यक तो फेरतपास करवून ती दूर करावी. १९८८ च्या कायद्यानेही दर्जाचे बंधन राखले. कारण लाचेचा नुसता आरोपही माणसाच्या अब्रूला डाग लावतो.