विश्वस्तांची निवडणूक आणि परिशिष्ट एक

देवस्थानासारख्या न्यासातील निवडणुकीचा वाद बहुधा नोंदीपाशी येऊन थांबतो. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५० अन्वये विश्वस्तांची नावे ‘परिशिष्ट एक’ या नोंदवहीत असतात. कलम २२ प्रमाणे बदल घडल्यापासून ९० दिवसांत त्याचा अहवाल द्यावयाचा. साहाय्यक अथवा उपधर्मादाय आयुक्त चौकशी करून तो स्वीकारतो किंवा नाकारतो.

दोन गट दोन सभा भरवितात, दोन अहवाल दाखल होतात आणि चौकशी लांबते. दरम्यान कारभार कोणी पाहावा? निवडून येताच अधिकार प्राप्त होतो, की नोंद झाल्यावर? चेंबूर ट्रॉम्बे एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात (२००२) मुंबई उच्च न्यायालयाने पहिला पक्ष मान्य केला. अहवाल घडलेल्या बदलाचा असतो. तेव्हा बदल आधी, नोंद मागाहून. हा न्यास शैक्षणिक असला तरी कलम तेच आहे. तर्क निर्दोष खरा. परंतु बँकेच्या खिडकीवर नोंदीचा उताराच मागितला जातो.

निवडणूक न्यासाच्या घटनेनुसार झाली काय, हेही चौकशीत पाहावे लागते. म्हणून सभासदांची यादी, वर्गणीची पावती, सभेची नोटीस असे क्षुल्लक भासणारे कागद निर्णायक ठरतात. कलम ८० मुळे अशा प्रश्नांपुरते दिवाणी दाव्याचे दार बंद आहे. अपील कलम ७० खाली धर्मादाय आयुक्तांकडे, तेथून कलम ७२ खाली न्यायालयात. इतक्या पायऱ्या चढेतो निवडलेल्या मंडळाची मुदतच सरते, आणि पुढच्या निवडणुकीचा अहवाल मागच्याच्या निकालासाठी खोळंबतो. २०१७ च्या दुरुस्तीने तात्पुरत्या स्वीकृतीची सोय केली. हरकत आल्यास चौकशी मात्र टळत नाही.