हिरडा, म्हशीचं दूध आणि काळी रेष

मास्टरगारूंनी पहिल्या दिवशी माझ्या हातात कलम दिलंच नाही. बादली दिली. बादलीत तीन मीटर जाडसर, न धुतलेलं सुती कापड होतं. आपल्याकडचा मांजरपाट असतो ना, तसंच. तिकडे, आंध्रातल्या श्रीकाळहस्तीत, त्याला ‘गाडा’ म्हणतात. "आधी खळ काढा, अम्मा," ते म्हणाले आणि आपल्या कामाला लागले. चित्र शिकायला आलेल्या बाईला धुणं धुवायला बसवतात याची पहिल्या तासाला मला गंमत वाटली. तिसऱ्या तासाला वाटेनाशी झाली.

मी जुन्नरची. चौतीस वर्षं नववी-दहावीला विज्ञान शिकवलं. फळ्यावर आकृत्या काढण्यापलीकडे चित्रकलेशी संबंध नव्हता. श्रीकाळहस्तीला पहिल्यांदा गेले ती तिरुपतीच्या यात्रेत. बालाजी झाला की बस घेऊन तासाभरावरच्या श्रीकाळहस्तीला जायचं, राहू-केतूची पूजा करायची, असा आपल्याकडच्या यात्रेकरूंचा ठरलेला क्रम असतो. मंडळी पूजेच्या रांगेत बसली आणि पत्रिकेतलं काही कळत नसल्यामुळे मी गावात फिरायला निघाले. एका घराच्या ओट्यावर एक म्हातारे गृहस्थ, म्हणजे हेच मास्टरगारू, कापडावर बांबूच्या काडीने हत्ती काढत होते. पट्टी नाही, खोडरबर नाही. मी उभी राहिले ती सोबतचे लोक शोधत येईपर्यंत.

पुढच्या जानेवारीत एकटीच गेले. पुण्याहून रेणिगुंट्याला आगगाडीने आणि तिथून पुढे बसने. "अगं, कलमकारीचे ब्लाउज पीस तुळशीबागेत ढिगाने मिळतात," हे म्हणाले. "अहो, ते कलमकारी नव्हेत," असं मी मोठ्या ऐटीत सांगितलं खरं, पण का नव्हेत ते मलाही तेव्हा सांगता आलं नसतं.

आता सांगते. बुद्धाचा शांत चेहरा, मोर, नाहीतर नाचणारी बाई छापलेलं मरून-मोहरी रंगाचं जे कापड गेली काही वर्षं प्रत्येक प्रदर्शनात दिसतं, ते बहुतेक वेळा स्क्रीनवर छापलेलं असतं. कलमकारी म्हणजे कलमाने केलेलं काम. शब्द फारसी, गोवळकोंड्याच्या दरबाराकडून आलेला. आंध्रात तिची दोन घराणी आहेत. मछलीपट्टण आणि शेजारचं पेडणा इथे लाकडी ठसे वापरतात; मुसलमानी आमदानीतल्या इराणी वेलबुट्ट्या तिकडच्या. श्रीकाळहस्तीला मात्र सगळं हाताने, कलमाने. कारण इथलं गिऱ्हाईक होतं देऊळ. मूर्तीच्या मागे लावायचे पडदे, रथाची झालर, रामायण-महाभारताचे प्रसंग चौकटी-चौकटीने काढलेले मोठे पट आणि खाली तेलुगूत ओळी. पडदा टांगून गोष्ट सांगायची. आपल्या पिंगुळीच्या चित्रकथीची आठवण होते, फक्त तिथे कागद आणि इथे कापड.

खळ निघाल्यावर दुसऱ्या दिवशी मास्टरगारूंच्या सूनबाईंनी एक डबा उघडून पुढे केला. मी त्यांना अक्का म्हणत असे, त्या मला अम्मा. डब्यात पिवळट पूड होती. म्हणाल्या, "कारक्काया." वास घेतला आणि मी मोठ्याने हसले. हिरडा! आमच्या शाळेत पश्चिमेकडच्या डोंगरातली मुलं उन्हाळ्याच्या तोंडाशी वर्गातून नाहीशी व्हायची, ती बाळहिरडा गोळा करायला. आंबे, हातवीज, इंगळूण भागातल्या महादेव कोळ्यांच्या घरांत वर्षातला रोख पैसा हिरड्यातून येतो. अंगणात वाळत घातलेले काळे सुरकुतलेले हिरडे मी वर्षानुवर्षं ओलांडून गेले आहे. व्यापारी पोती भरून नेतात, औषधाला आणि रंगाला जातात, एवढंच आम्हाला माहीत. रंगाला म्हणजे नेमकं कशाला, हे विज्ञान शिकवणाऱ्या बाईनेही कधी विचारलं नव्हतं.

हिरड्याची पूड म्हशीच्या कच्च्या दुधात कालवतात आणि त्यात कापड बुडवून, पिळून, उन्हात वाळवतात. म्हशीचंच दूध, कारण त्यात स्निग्धांश जास्त. पिशवीतलं, साय काढलेलं उपयोगाचं नाही. दूध कशाला? तर धाग्यांवर त्याचा पातळ थर बसतो आणि रंग टिपकागदावरच्या शाईसारखा फुटत नाही, रेष जिथे काढाल तिथेच राहते. आणि हिरडा कशाला, तर त्यातल्या टॅनिनसाठी. चहाच्या तुरटपणामागे जे असतं तेच, पण हिरड्यात कितीतरी पटीने जास्त. वाळलेलं कापड साईच्या रंगाचं होतं आणि त्याला आंबूस वास येतो. माश्या तर इतक्या, की पहिले दोन दिवस मला जेवण जाईना.

तिसऱ्या वस्तूचं नाव कसिमी. अंगणाच्या कोपऱ्यात झाकलेलं मडकं. आत गंजके खिळे, पत्र्याचे तुकडे, गूळ आणि पाणी. दोन-तीन आठवडे हे आंबत ठेवायचं. गूळ आंबून आम्ल तयार होतं आणि ते लोखंड खातं. वर येणारं पाणी गाळून घेतलं की झाला काळा रंग. फक्त तो काळा नसतो! वाटीत पाहिलं तर फिक्कट, कोऱ्या चहासारखं पाणी. त्याची रेष हिरड्याच्या कापडावर ओढायची आणि थांबायचं. आधी ओली, मळकट दिसते. मग करडी. मग, तुम्ही बघत असतानाच, काळी. लोखंड आणि टॅनिन भेटले. युरोपात शेकडो वर्षं मायफळ आणि लोखंडाचा क्षार मिसळून शाई करत, तिचं शास्त्र हेच. तिथे दोन्ही दौतीत मिसळत, इथे एक कापडात आणि एक कलमात. दहावीच्या वर्गात हा प्रयोग दाखवायला मिळाला असता तर मागच्या बाकावरची पोरंसुद्धा उठून पुढे आली असती.

कलम म्हणजे बांबूची वीतभर काडी, टोक तासलेलं. टोकाच्या जरा वर लोकरीची किंवा जुन्या कापडाची चिंधी गुंडाळून सुती दोऱ्याने आवळलेली. चिंधी रंग पिते, बोटांनी ती हलकेच दाबली की रंग टोकाकडे उतरतो. चित्रकाराचं सगळं कौशल्य या दाबात. जास्त दाबलं तर थेंब, कमी दाबलं तर रेष मध्येच कोरडी. मी तीन दिवस फक्त रेघा मारल्या आणि दोन दिवस मोती. हे मोती म्हणजे काठावरच्या आणि दागिन्यांतल्या छोट्या गोल ठिपक्यांच्या ओळी, तेलुगूत ‘मुत्यालु’. माझे मोती शेंगदाण्यांसारखे यायचे. अक्का गप्पा मारत, शेगडीवरच्या सांबाराकडे एक डोळा ठेवून ओळच्या ओळ काढायच्या. या घराण्यांत रेष पुरुषांची आणि रंग भरणं बायकांचं अशी वाटणी बराच काळ होती. आता अनेक बायका स्वतः रेषही काढतात. अक्काही काढत होत्या, पण पटाच्या कोपऱ्यात नाव मात्र सासऱ्यांचं. मी विचारलं तेव्हा त्या हसल्या आणि सांबार ढवळायला उठल्या.

आठव्या दिवशी मला चौकट मिळाली, अशोकवनातली सीता. चिंचेच्या काटक्या जाळून केलेल्या कोळशाने आधी कच्चं रेखाटन. कोळसा झटकला की जातो, तोवर काय ती चूक करून घ्यायची. मग कसिमी. झाड छान जमलं, पदर बरा आला. चेहऱ्यापाशी हात आखडला, चिंधी जोरात दाबली गेली आणि सीतेच्या गालावर तुरीच्या दाण्याएवढा थेंब पडला. मी बोटाने टिपायला गेले. तेवढ्यात तो काळा झाला, आणि बोटही.

मास्टरगारूंना कुठल्याशा युक्तीने तो डाग जिरवता येईल अशी मला आशा होती. कलाकारांच्या गोष्टींमध्ये तसं होतं. डागाची मैना होते, नाहीतर फूल. त्यांनी कापड उचललं, पाहिलं, आणि त्याला कलमं पुसायला घेतली. "दुसरं कापड धुवा, अम्मा." पुन्हा बादली, पुन्हा दूध, पुन्हा एक दिवस ऊन.

लाल रंगाची हकीकत तर आणखी लांबलचक. लाल रंग कलमाने भरतच नाहीत. जिथे लाल हवा तिथे तुरटीचं पाणी लावायचं. दिसत काहीच नाही. एक-दोन दिवस मुरू द्यायचं, वाहत्या पाण्यात धुवायचं आणि मग तांब्याच्या मोठ्या भांड्यात, मुळ्या आणि साली उकळलेल्या पाण्यात सगळं कापड सोडायचं. काठीने ढवळत राहायचं. हळूहळू तुरटीच्या जागा लाल होतात, बाकी कापडावर गुलाबी झाक उरते. ती शेणाच्या पाण्याने आणि उन्हाने काढायची. पूर्वी या पूर्वकिनाऱ्यावर चिरुवेरु नावाच्या झुडपाच्या मुळ्या वापरत, मंजिष्ठही वापरतात. चिरुवेरुतलं रंगद्रव्य जर्मनीत १८६८ साली प्रयोगशाळेत बनवलं गेलं आणि आज पुष्कळ घरांत तीच बाजारातली पूड भांड्यात पडते. मास्टरगारू ते लपवत नाहीत. मला ते आवडलं. मग पुन्हा दूध, पुन्हा ऊन. पिवळ्यासाठी हिरड्याचंच फूल, निळ्यासाठी नीळ, आणि पिवळ्यावर निळा दिला की हिरवा. हे सगळे टप्पे कुणी सतरा सांगतं, कुणी तेवीस. मी मोजायचं सोडलं. धुणं मात्र प्रत्येक टप्प्याला आहे.

त्यामुळेच ही कला नदीकाठी वसली. गावाच्या अंगाला सुवर्णमुखी वाहते. वाहते असं म्हणायचं. तिकडे मोठा पाऊस ऑक्टोबर ते डिसेंबरचा, म्हणून जानेवारीत मला पोटरीएवढं पाणी मिळालं. उन्हाळ्यात वाळूच असते, मग बोअरचं पाणी. त्या पाण्यात लोह असेल तर लाल काळवंडतो, क्षार असतील तर वेगळीच छटा येते. आम्ही पाण्यात उभं राहून कापडाची दोन टोकं धरून हेलकावे देत असू. मागे देवळाचं नवं गोपुर. जुनं कृष्णदेवरायाने १५१६ साली बांधलेलं होतं, ते २०१० च्या मे महिन्यात एका संध्याकाळी कोसळलं. त्याच जागी उभारलेल्या नव्याला २०१७ साली कलश चढला. मास्टरगारूंच्या जुन्या पटांत गोपुर असतं ते पडलेलंच. नवं काढायला हात वळत नाही म्हणतात.

ही कलासुद्धा एकदा जवळजवळ पडलीच होती. सतराव्या शतकात या किनाऱ्यावरची रंगीत चीट युरोपात इतकी खपली, की तिथल्या विणकरांच्या पोटावर पाय आला. फ्रान्सने १६८६ साली ती बंद केली, इंग्लंडने १७०० आणि १७२१ च्या कायद्यांनी. खुद्द दक्षिणेत राजदरबार होते तोवर ठीक चाललं. तंजावरच्या आपल्या भोसल्यांच्या घराण्यासाठी कोडाली करुप्पूरला जरीच्या साड्यांवर हाताने असंच रंगकाम करत. पुढे गिरणीचं छापील कापड आलं, दरबार गेले आणि विसाव्या शतकाच्या मध्याला श्रीकाळहस्तीत कलम धरणारे हात बोटांवर मोजण्याइतके उरले. कमलादेवी चट्टोपाध्याय यांच्या पुढाकाराने १९५० च्या दशकाच्या अखेरीला तिथे सरकारी प्रशिक्षण केंद्र निघालं. तिथे शिकवणाऱ्या जोन्नलगड्डा लक्ष्मय्यांचे चिरंजीव गुरप्पा चेट्टी यांना २००८ साली पद्मश्री मिळाली. आज गावात भेटणारे बहुतेक चित्रकार या ना त्या वाटेने त्या केंद्रापर्यंत पोचतात. म्हणजे ‘परंपरागत’ म्हणून आपण जिचं कौतुक करतो ती एका सरकारी वर्गाच्या पटावर तगली आहे. मास्तरणीला हे ऐकून बरं वाटणारच.

छापील कापडाचा मला राग नाही. सगळ्यांनाच हाताने काढलेली साडी परवडत नाही, मलाही नाही. पण तिला नाव लावताना दुकानदाराने जरा लाजावं. ओळखायचं असेल तर एकच आकृती दोन ठिकाणी शोधा. हातची असेल तर दोन मोर सारखे नसतात, एकाची मान नक्की जास्त लांब असते. आणि नवं कापड असेल तर वास घ्या.

सोळाव्या दिवशी माझी सीता धुऊन निघाली. दुसरी सीता. नाक थोडं मोठं आहे, पण गाल स्वच्छ. मास्टरगारूंनी ती उलटून मागची बाजू पाहिली, आधी पुढची नाही, आणि म्हणाले, "धुलाई चांगली." चित्राबद्दल काही बोलले नाहीत.

घरी येऊन हिरडे मिळवायला कष्ट पडले नाहीत. एका जुन्या विद्यार्थिनीने हातवीजहून पिशवी भरून पाठवले, खलबत्त्यात कुटून घेतले. कसिमीचं मडकं मागच्या अंगणात ठेवलंय. यांनी त्यावर विटेचा तुकडा ठेवून ‘उघडू नये’ असं लिहिलंय. पहिल्याच खेपेला लाल रंग विटेसारखा आला. मास्टरगारूंना फोन केला तर त्यांनी एवढंच विचारलं, "पाणी कुठलं?" नळाचं, म्हटलं. ते हसले. आता कुकडी नदीवरून कॅन भरून आणायचं ठरलंय.

दूध शेजारच्या गोठ्यातून येतं. कापडाला दूध पाजते म्हणून गोठेवाल्या वहिनी रोज एकदा कुंपणावरून डोकावून जातात. आज सकाळी तीन मीटर मांजरपाट दुधात पिळून दोरीवर टाकलाय, आणि त्याखाली दोन मांजरं कधीची येऊन बसली आहेत.