मुदत टळली, हक्क बुडाला

मृगात पेरणी चुकली तर पुढे कितीही चांगले बी टाका, पीक बेताचेच येते. पेरणीला वेळ असते, तशीच हक्क मागायलाही वेळ असते. कायद्यात तिला मुदत म्हणतात. नुकसान खरे असते, हक्कही खरा असतो. पण मुदत टळली की दावा उभा राहत नाही.

रेल्वेचेच उदाहरण घेऊ. रेल्वे ही साऱ्या लोकांची सेवा आहे. तिच्या ताब्यात दिलेला माल हरवला, फुटला, नासला, तर भरपाई मागता येते.

समजा, एका शेतकऱ्याने 10 जानेवारीला रेल्वेने 40 गोणी कांदा पाठवला. पोचल्या 34. सहा गोणी गेल्या कुठे? शेतकरी स्टेशनात गेला. बाबू म्हणाले, "चौकशी चालू आहे. पंधरा दिवसांनी या." तो पुन्हा गेला, पुन्हा तेच उत्तर. असे करता करता पोळा आला. मग तो वकिलाकडे गेला.

वकील म्हणाले, "काका, रेल्वेला लेखी कधी कळवलंत?"

"लेखी कशाला? मी स्वतः सात वेळा गेलो की!"

"सात खेपा घातल्यात, पण एकही कागदावर नाही. आता उशीर झाला."

उशीर कसा झाला? रेल्वेचा 1989 चा कायदा आहे. त्याचे 106 वे कलम सांगते की माल रेल्वेच्या हाती दिल्यापासून सहा महिन्यांच्या आत रेल्वेला लेखी नोटीस दिली पाहिजे. नीट ध्यानात घ्या. माल पोचल्यापासून नव्हे, सोपवल्यापासून सहा महिने. म्हणजे या शेतकऱ्याची मुदत 10 जुलैच्या सुमारास संपली. पोळ्यापर्यंत थांबून त्याचे नुकसान झाले.

नोटीस म्हणजे काही अवघड काम नाही. साधा तक्रार अर्जही चालतो. पण माल ओळखता येईल एवढी माहिती त्यात हवी. बिल्टीचा नंबर, तारीख, कोठून कोठे, किती गोणी, किती कमी, हे लिहा. अर्ज हातोहात दिलात तर नकलेवर तारीख आणि शिक्का घ्या. टपालाने पाठवलात तर पोस्टाची पावती जपून ठेवा. माल कमी आला तर तो घेतानाच कमी भरल्याचा लेखी दाखला मागा.

नोटीस दिली म्हणजे काम संपले असे नाही. रेल्वेने भरपाई दिली नाही, तर रेल्वे दावा न्यायाधिकरणात अर्ज करावा लागतो. हे न्यायाधिकरण 1987 च्या कायद्याने झाले. मुंबईला आणि नागपूरला त्याची पीठे आहेत. मालाच्या दाव्याचा अर्ज माल सोपवल्यापासून तीन वर्षांच्या आत करायचा असतो.

आता माणसाच्या जिवाची गोष्ट. तिकीट काढून गाडीत बसलेला माणूस चालत्या गाडीतून चुकून पडला आणि दगावला, तर त्याच्या घरच्यांना भरपाई मागता येते. रेल्वेची चूक नसली तरी मागता येते. 1 जानेवारी 2017 पासून मृत्यूची भरपाई 8 लाख रुपये आहे. मात्र आत्महत्या, नशा किंवा स्वतःचा गुन्हा यांमुळे जीव गेला, तर ती मिळत नाही. रूळ ओलांडताना गाडीखाली आलेला माणूस प्रवासी नसेल, तर त्यालाही हा नियम लागत नाही.

इथे मुदत फक्त एक वर्ष आहे. ती अपघाताच्या दिवसापासून मोजतात. घरातला कर्ता गेला की बाईला काही सुचत नाही. लेकरे लहान असतात, कर्ज डोक्यावर असते. दुःखात वर्ष कसे सरते ते कळत नाही. म्हणून भावकीने आणि शेजाऱ्यांनी हे काम अंगावर घ्यावे. वर्षश्राद्ध होईपर्यंत थांबू नये. तिकीट, पोलिसांचा पंचनामा, मृत्यूचा दाखला हे कागद एका पिशवीत ठेवावेत.

अर्जाला उशीर झालाच, तर सबळ कारण दाखवावे लागते. कारण पटले तर न्यायाधिकरण अर्ज घेऊ शकते. पण पटेलच असे नाही. त्यावर विसंबून राहू नका.

वकिलाला पैसे नाहीत म्हणूनही गप्प बसू नका. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. बायका, मुले, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि कमी उत्पन्नाची माणसे यांना तिथे फुकट कायद्याची मदत मिळते.

वीज, एस. टी. यांच्या मुदती निराळ्या आहेत. नुकसान झाले की पहिला प्रश्न हाच विचारा, "मुदत किती, आणि कोणत्या दिवसापासून?"

तुम्ही आता लिहायला शिकलात. साहेबांचे तोंडी "बघू" मुदत थांबवत नाही. तुमच्या हातचा चार ओळींचा अर्ज वेळेवर गेला, तर तो हक्क राखतो.