गेम खेळताना ‘आयपी’ बाहेर कसा जातो? मुलांच्या पालकांनी हे वाचाच

नानाखेडा (उज्जैन) : ‘तुझा आयपी मिळालाय, आता घरीच येतो’, अशी धमकी गेमच्या चॅटमध्ये आली की मुलं घाबरतात आणि घरी सांगतही नाहीत. म्हणून आधी हे नेमकं काय आहे ते समजून घेऊ.

आयपी म्हणजे नेट कंपनीने तुमच्या कनेक्शनला दिलेला क्रमांक. त्यावरून समोरच्याला कंपनी आणि साधारण शहर कळतं. गल्ली, घर नंबर कळत नाही. ती माहिती कंपनीकडे असते आणि गुन्ह्याच्या तपासात पोलीस ती मागवू शकतात. म्हणजे धमकी देणाराही सापडू शकतो! मात्र आयपी मिळाला तर त्यावर डेटाचा भडिमार करून घरचं नेट ठप्प पाडता येतं.

आयपी जातो कुठून?

बीजीएमआय, फ्री फायरसारखे गेम कंपनीच्या सर्व्हरवरून चालतात. तिथे इतर खेळाडूंना आयपी सहसा दिसत नाही. काही गेममध्ये खेळाडूंची यंत्रं थेट जोडली जातात, तिथे दिसू शकतो. सगळ्यात सोपी वाट म्हणजे लिंक. ‘फुकट यूसी’, ‘फुकट डायमंड’ म्हणून आलेल्या लिंकवर बोट लावलं की आयपी गेला. पुढे पासवर्ड टाकला तर अकाउंटही गेलं.

व्हीपीएन घ्यावा का?

व्हीपीएन आयपी झाकतो, पण बऱ्याचदा पिंग वाढतो. शिवाय तुमची माहिती त्या कंपनीच्या हाती जाते. सर्ट-इनच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार व्हीपीएन कंपन्यांनी ग्राहकांचा तपशील ५ वर्षं ठेवायचा आहे. फुकटच्या व्हीपीएनपासून तर लांबच राहा.

एवढं करा

- गेममधल्या नावात खरं नाव, जन्मसाल, शाळा, गाव नको.
- दोन टप्प्यांचं लॉगिन सुरू ठेवा.
- आयपी गेल्याची शंका आली तर राउटर थोडा वेळ बंद ठेवून सुरू करा. पुष्कळदा नवा आयपी मिळतो. राउटरचा मूळ पासवर्डही बदला.
- अनोळखी खेळाडूला फोटो, ओटीपी, मोबाइल नंबर देऊ नका.

खरा धोका चॅटमधून येतो. अभिनेते अक्षय कुमार यांनी ऑक्टोबर २०२५ मध्ये मुंबईत पोलिसांच्या सायबर जागृती कार्यक्रमात सांगितलं, की गेम खेळताना एका अनोळखी माणसाने त्यांच्या मुलीकडे नग्न फोटो मागितले. तिने गेम बंद केला आणि थेट आईला सांगितलं.

असं काही घडलं तर स्क्रीनशॉट काढा, मग ब्लॉक करा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० वर फोन करा. मुलांच्या मदतीसाठी १०९८ आहे. आणि मुलाने सांगितलं तर आधी मोबाइल काढून घेऊ नका. नाहीतर पुढच्या वेळी ते सांगणारच नाही.