तंबूतला पडदा आणि घरातला पडदा

जत्रेच्या माळावर फिरत्या सिनेमाचा तंबू उभा राहिला, की सायंकाळी गावाची पावले तिकडे वळत. सतरंज्या घेऊन, लेकराबाळांसह कुटुंबे एकाच पडद्यासमोर जमिनीवर बसत. माधवनगर व सांगली-साताऱ्याकडील जुन्या पिढीला हे दृश्य नवे नाही. एका यंत्राने गावाला एकत्र बसविले होते, ही गोष्ट मात्र सहसा ध्यानात येत नाही.

शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी नेमका हाच विषय हाती घेतला. महाराष्ट्रातील तंबू-सिनेमांसोबत अनेक वर्षे हिंडून त्यांनी ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट तयार केला. २०१६ मध्ये तो कान महोत्सवात दाखविण्यात आला व तेथे त्याचा विशेष उल्लेखाने गौरव झाला. मधेशिया यांनी तंबूतील प्रेक्षकांची छायाचित्रेही घेतली. पडद्याकडे पाठ करून पाहणाऱ्यांचे चेहरे न्याहाळावेत, अशी ही दृष्टी आहे.

माहितीपटात जुनी, कुरकुरणारी प्रक्षेपणयंत्रे आहेत, ती दुरुस्त करणारा कारागीर आहे. फिल्मची रिळे वेळेवर न आली, तर खेळ खोळंबतो आणि प्रेक्षकही एकत्रच ताटकळतात. पुढे ३५ मिलिमीटर फिल्मची जागा संगणकीय प्रक्षेपणाने घेतली. चित्र स्वच्छ झाले, रिळांचे ओझे गेले. परंतु तोवर घरोघरी दूरचित्रवाणी आणि हातोहाती मोबाईल पोहोचला होता. पडदा दुर्मिळ होता तेव्हा माणसे त्याच्याकडे जात; तो मुबलक होताच प्रत्येकाचा पडदा वेगळा झाला.

यात केवळ हानीच झाली, असे मानणे योग्य नव्हे. जत्रेपर्यंत जाऊ न शकणाऱ्या वृद्धांना घरबसल्या करमणूक व माहिती मिळाली. कोरोनाकाळात शाळा बंद असताना अनेक मुलांचे शिक्षण मोबाईलवरच चालले. मात्र शाळा उघडल्यावरही मुलांच्या हातचा मोबाईल सुटेना, ही पालकांची चिंता ठरली.

सांगली जिल्ह्यातीलच एका गावाने या चिंतेवर सामुदायिक उपाय योजला. कडेगाव तालुक्यातील मोहित्यांचे वडगाव येथे ऑगस्ट २०२२ मध्ये ग्रामस्थांनी ठरविले, की सायंकाळी सात वाजता भोंगा वाजताच दीड तास दूरचित्रवाणी व मोबाईल बंद ठेवावयाचे. हा वेळ मुलांच्या अभ्यासासाठी आणि माणसांच्या परस्पर संवादासाठी राखण्यात आला. येथे यंत्र नाकारलेले नाही. त्याची वेळ गावाने ठरविली आहे. एकट्या पालकाला जे अवघड जाते, ते सर्वांनी मिळून ठरविले म्हणजे सुकर होते.

शिक्षक व पंचायत सदस्यांनी या दोन्ही उदाहरणांवर ग्रामसभेत अवश्य चर्चा घडवून आणावी. नवे यंत्र गावात येणारच. त्याच्यासमोर आपण कसे बसावे, एकत्र की एकेकटे, आणि किती वेळ, याचा निर्णय मात्र गावाच्या हाती राहू शकतो.