अवघड लेव्हल आणि मंद बोटं

ताडकळसला मोबाइलच्या ब्राउझरवर ‘जिओमेट्री डॅश’च्या धर्तीचा, काट्यांवरून उड्या मारत पुढे जायचा गेम खेळणारी मुलं लेव्हल अडली की बोटांना दोष देतात. दोष बोटांचा नाही. पाहून दाबायला माणसाला साधारण 200 मिलिसेकंद तरी लागतात. 60 हर्ट्झच्या पडद्यावरचं चित्र मात्र दर 16.7 मिलिसेकंदांनी बदलतं. म्हणजे दाबेपर्यंत चित्र बरंच पुढे गेलेलं असतं आणि काटा अगदी जवळ आलेला पाहून मारायला घेतलेली उडी हुकणारच. अशा गेममध्ये अडथळे बहुधा दर खेपेला त्याच लयीत येतात, म्हणून लय पाठ करून आधीच दाबावं लागतं. स्वस्त फोन दाबल्यावर उशिरा प्रतिसाद देतो त्याचं काय, असं कुणी विचारेल. फोनचा उशीर ठरावीक असेल तर हात त्याला सरावतो. घात करतो तो सारखा कमीजास्त होणारा उशीर. तेव्हा बाकीचे टॅब बंद करा आणि सराव मोड असेल तर अडलेला तुकडाच घोटून काढा.